इमान आणि गहाणखत

निष्ठा आणि विश्वासघात यांचे नाट्य वाणीवाचून उभे राहू शकेल, असे प्रथमदर्शनी कोणालाही वाटणार नाही. कारण इमान शपथेने बांधले जाते आणि वचनाने पाळले जाते, तर फितुरी कानाशी कुजबुजून घडवून आणली जाते, म्हणजे दोहोंचाही व्यवहार शब्दांचाच. असे असता ज्या कलेजवळ शब्दच नव्हता, त्या मूकपटाने आपल्या उण्यापुऱ्या दोन दशकांच्या आयुष्यात याच विषयाकडे पुन्हापुन्हा धाव घ्यावी, आणि त्यातही करवीरनगरीतल्या मूकपटाने ती अधिक हौसेने घ्यावी, हे थोडेसे विस्मयजनक आहे. ‘सैरंध्री’, ‘सिंहगड’, ‘सावकारी पाश’, ‘नेताजी पालकर’, ‘बाजीप्रभू देशपांडे’ ही १९२० ते १९२९ या काळातली कोल्हापुरी चित्रांची नावे नुसती ओळीने उच्चारली, तरी कोणी कोणाशी इमान राखले आणि कोणी कोणाला दगा दिला, याचीच ती यादी आहे असे वाटू लागते. परंतु या यादीतले एक नाव इतरांच्या पंक्तीत नीटसे बसत नाही, आणि जे बसत नाही त्याचाच विचार अगत्याने करावयाचा आहे.

या सर्व चित्रांमागे उभा असलेला पुरुष म्हणजे बाबूराव कृष्णराव मेस्त्री, ज्यांना महाराष्ट्र बाबूराव पेंटर या नावाने ओळखतो. १८९० साली कोल्हापुरात एका हुन्नरी कारागिराच्या घरी त्यांचा जन्म झाला. चित्रकलेच्या कोणत्याही विद्यालयाची पायरी न चढता, बंधू आनंदराव मेस्त्री यांच्या सहवासात त्यांनी रंग, माती आणि लाकूड ही तिन्ही माध्यमे हस्तगत केली. संगीत नाटकांचा तो भरभराटीचा काळ होता, आणि नाटकमंडळ्यांचे पडदे रंगविण्याच्या कामात या दोघा बंधूंचा लौकिक दूरवर गेला होता. रंगविलेला पडदा कितीही सुंदर असला तरी तो हलत नाही, ही खंत त्यांच्या मनात दादासाहेब फाळके यांच्या ‘राजा हरिश्चंद्रा’ने १९१३ साली रुजविली असल्यास नवल नाही. परदेशी कॅमेरा विकत आणण्याइतके द्रव्य जवळ नसल्यामुळे कॅमेरा स्वहस्ते घडविण्याचा अचाट उद्योग त्यांनी आरंभिला. मध्येच, १९१६ साली, आनंदराव निवर्तले. परंतु बाबूरावांनी विष्णुपंत दामले या यंत्रनिपुण साथीदाराच्या साहाय्याने ते काम तडीस नेले. शाहू छत्रपतींच्या आश्रयाने आणि तानीबाई कागलकर या गायिकेने दिलेल्या भांडवलावर महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी राहिली. या कंपनीचा स्थापनादिन १ डिसेंबर १९१७ हा मानला जातो, आणि खरी कॉर्नरजवळचा कॅमेऱ्याचा स्तंभ आजही त्या स्थानाची साक्ष देतो.

कोल्हापूर हे या उद्योगाला अनुकूल क्षेत्र होते, याचे कारण केवळ राजाश्रय हे नव्हे. येथे दरबार होता, दरबाराचे मानकरी होते, इनामे आणि वतने होती; धन्याचे मीठ खाणे आणि खाल्ल्या मिठाला जागणे ही कल्पना येथील मनुष्याला ग्रंथातून शिकावी लागत नव्हती, ती घरोघरच्या सनदांतून आणि दरबारी मुजऱ्यांतून त्याच्या अंगवळणी पडली होती. तालमीतील वस्ताद आणि त्याचा पठ्ठा, गवई आणि त्याचा गंडाबंध शागीर्द, सरदार आणि त्याचा शिलेदार या सर्वांचे नाते एकाच धाग्याने विणलेले होते. कंपनीत नट म्हणून आलेले बाळासाहेब यादव यांच्यासारखे धिप्पाड देहयष्टीचे पुरुष भीमाच्या किंवा तानाजीच्या भूमिकेत उभे राहिले, तेव्हा प्रेक्षकाला ते परके वाटले नाहीत, ते अशाच वातावरणामुळे.

पहिले चित्र ‘सैरंध्री’ १९२० च्या फेब्रुवारीत पुण्याच्या आर्यन चित्रगृहात प्रदर्शित झाले. कृष्णाजी प्रभाकर खाडिलकरांच्या ‘कीचकवध’ नाटकावर सरकारने १९१० साली बंदी घातली होती, कारण सैरंध्रीची विटंबना करणारा मदांध कीचक म्हणजे लॉर्ड कर्झन, हे प्रेक्षकांनी आणि सरकारनेही बिनचूक ओळखले होते. तीच कथा बाबूरावांनी पडद्यावर आणली, आणि स्त्रियांच्या भूमिका पुरुषांनी करण्याच्या तत्कालीन प्रघाताला फाटा देऊन त्या स्त्रियांकडूनच करवून घेतल्या. ज्या कुलीन समाजाने त्या चित्राला टाळ्या दिल्या, त्याच समाजाने त्या अभिनेत्रींना मात्र दूर लोटले, हाही एक विश्वासघातच म्हणावयाचा. कीचकाच्या शिरच्छेदाचा देखावा इतका हुबेहूब साधला होता की, तो पाहून प्रेक्षक हादरले आणि सरकारी परिनिरीक्षकांना त्याला कात्री लावावी लागली. लोकमान्य टिळकांनी हे चित्र पाहून बाबूरावांना ‘सिनेमा केसरी’ ही पदवी दिली.

आजच्या वाचकाला येथे एक शंका येणे स्वाभाविक आहे. संवाद नाही, मग इमानाची शपथ आणि दगलबाजाचे गोड बोलणे पडद्यावर कळत तरी कसे होते? चित्राच्या मध्ये मजकुराच्या पाट्या येत, हे खरे. परंतु त्या काळच्या प्रेक्षकांपैकी मोठ्या वर्गाला अक्षरओळख नव्हती, म्हणून चित्रगृहात कोणीतरी त्या पाट्या मोठ्याने वाचून दाखवी, पडद्यासमोर बसलेला पेटीवाला आणि तबलजी प्रसंगानुरूप साथ करीत, आणि प्रेक्षक स्वतःच आरोळ्या ठोकून खलपुरुषाला शिव्या आणि नायकाला इशारे देत. चित्र मुके असे, चित्रगृह कधीच मुके नसे. परंतु याहून महत्त्वाची गोष्ट चित्रणाची होती. सेकंदाला सोळा चौकटींच्या आसपास, हाताने फिरविलेल्या यंत्रातून घेतलेल्या त्या चित्रात निष्ठा ही मुद्रेतून, मस्तक लवविण्याच्या रीतीतून आणि दोन माणसांनी एकमेकांपासून राखलेल्या अंतरावरून दाखवावी लागे. बाबूराव मुळात चित्रकार असल्यामुळे प्रत्येक देखाव्याची रेखाचित्रे, वेशभूषेचे आणि अलंकारांचे नमुने ते स्वतः आधी काढीत, आणि कोणावर प्रकाश पडावा व कोण छायेत राहावा, हा निर्णय त्यांच्या दृष्टीने केवळ सौंदर्याचा नसून नीतीचाही असे. हरि नारायण आपट्यांच्या ‘गड आला पण सिंह गेला’ या कादंबरीवरून केलेल्या ‘सिंहगड’ (१९२३) या चित्रात त्यांनी कृत्रिम प्रकाशाचा उपयोग केला. तोपर्यंत आपली चित्रे सूर्याच्या मर्जीवर चालत होती, आता रात्र पाहिजे तेव्हा निर्माण करता येऊ लागली. शिवाजीमहाराजांची भूमिका त्यात स्वतः बाबूरावांनी केली. मुंबईत या चित्राला लोटलेली गर्दी पाहूनच महसूल खात्याला करमणूककर बसविण्याची बुद्धी सुचली, असे सांगितले जाते. तो कर मुंबई इलाख्यात त्याच वर्षी आला, एवढे मात्र निश्चित.

‘सिंहगडा’तील निष्ठा ही सरळ रेषेची आहे. मुलाचे लग्न बाजूला सारून धन्याच्या कामगिरीवर जाणारा तानाजी आणि मोगलांच्या चाकरीत किल्लेदारी करणारा राजपूत उदेभान हे दोघेही आपापल्या धन्याशी इमानीच आहेत. भेद इतकाच की, एकाचे इमान स्वराज्याला वाहिलेले आहे आणि दुसऱ्याचे परक्या तख्ताला. या सूक्ष्म भेदाचे स्पष्टीकरण करण्याची त्या काळच्या प्रेक्षकाला गरज नव्हती. परकीय अमलाखाली नोकरी करणारा सुशिक्षित मनुष्य ज्या प्रश्नाने मनातल्या मनात पोळत होता, तोच प्रश्न ढालतलवारीच्या वेषात त्याच्यासमोर येत होता.

परंतु कोल्हापूरकराच्या अधिक निकटचा इतिहास पन्हाळ्याचा. शहरापासून अवघ्या पाचसहा कोसांवरचा. त्या एका गडाभोवती निष्ठेच्या आणि च्युतीच्या दोन परस्परविरुद्ध कथा सहा वर्षांच्या अंतराने घडल्या, आणि दोन्हींवर याच कंपनीने चित्रे काढली. १६६० साली सिद्दी जौहरच्या वेढ्यातून महाराज निसटले तेव्हा, महाराजांचे रूप घेऊन पालखीत बसलेला शिवा काशीद आणि घोडखिंड रोखून धरणारे बाजीप्रभू यांनी इमानाचा असा मानदंड घालून दिला की, त्यापुढे कोणत्याही भाष्याची आवश्यकता उरत नाही. बाजीप्रभू पूर्वी हिरडस मावळच्या बांदलांच्या पदरी होते, म्हणजे त्यांची निष्ठा जन्मजात नसून समजूनउमजून पत्करलेली होती, ही गोष्ट विसरता कामा नये.

दुसरी कथा नेताजी पालकरांची. प्रतिशिवाजी म्हणून ज्यांचा बोलबाला होता, ते सरनोबत १६६६ च्या जानेवारीत पन्हाळ्यावरील हल्ल्याच्या वेळी ठरल्या वेळेस कुमक घेऊन पोहोचले नाहीत. महाराजांचा डाव फसला, माणसे कामास आली, आणि नेताजींची सरनोबती गेली. दुखावलेले नेताजी प्रथम आदिलशाहीस मिळाले, तेथून मिर्झाराजे जयसिंगाने त्यांना मोगलांकडे वळविले, पुढे महाराज आग्र्याहून निसटल्यावर बादशहाने त्यांना कैद करून धर्मांतरास भाग पाडले आणि दूर काबूलकडे धाडले. दहा वर्षांनी, १६७६ साली, ते परत आले आणि महाराजांनी त्यांना शुद्ध करून पदरी घेतले. या माणसाला फितूर म्हणावे की धन्याच्या क्षणिक कोपाने दुरावलेला निष्ठावंत म्हणावे, याचा निवाडा इतिहासानेही सोपा ठेवलेला नाही. १९२७ साली ‘नेताजी पालकर’ हे चित्र दिग्दर्शित करण्याची कामगिरी बाबूरावांनी स्वतःकडे न ठेवता कंपनीतील केशवराव धायबर आणि शांताराम वणकुद्रे या तरुण सहकाऱ्यांकडे सोपविली. शांतारामबापूंचे दिग्दर्शक म्हणून हेच पहिले चित्र. आणि गुरूच्या छत्राखाली पहिल्यानेच स्वतंत्र हात चालवू पाहणाऱ्या शिष्याच्या वाट्याला धन्यापासून दुरावलेल्या सरदाराची कथा यावी, हा योगायोग दोन वर्षांनी फार अर्थपूर्ण ठरणार होता.

या सर्व चित्रांत विश्वासघाताला एक चेहरा आहे. कीचक दिसतो, उदेभान दिसतो, नेताजींची पाठ फिरलेली दिसते. १९२५ साली मात्र बाबूरावांनी असे एक चित्र काढले की, ज्यात दगा देणारा केवळ माणूस नव्हता, तर त्याच्या हातातला कागद होता. ते चित्र ‘सावकारी पाश’.

नारायण हरि आपटे यांच्या कथेवरून घेतलेल्या या चित्राचा सांगाडा दोन वाक्यांत सांगता येतो. सावकाराच्या लोभापायी एका तरुण शेतकऱ्याची जमीन जाते. आणि देशोधडीला लागलेला तो शेतकरी शहराची वाट धरून गिरणीत मजूर होतो. त्या शेतकऱ्याची भूमिका शांतारामांनी केली होती. ना राजा, ना किल्ला, ना चमत्कार. पौराणिक आणि ऐतिहासिक वेषांनी सजलेल्या त्या दशकात अंगात बंडी, खांद्यावर घोंगडे एवढ्या सामग्रीवर नाट्य उभे करण्याचे हे साहस होते, आणि म्हणूनच हिंदी भूमीवरचे पहिले वास्तववादी चित्र असा त्याचा गौरव अभ्यासक करीत आले आहेत.

हे चित्र ज्या वस्तुस्थितीवर उभे होते, ती समजून घेतल्यावाचून त्यातील विश्वासघाताची जात कळावयाची नाही. इंग्रजी अमलाने जमीन ही विकण्याची आणि गहाण टाकण्याची वस्तू करून टाकली, सारा रोकडीने वसूल करावयास आरंभ केला, आणि दिवाणी अदालत सर्वांस खुली केली. पूर्वीचा सावकारही व्याज घेत असे, परंतु वसुलीसाठी त्याला गावाच्या भिडेवर अवलंबून राहावे लागे. आता त्याच्या पाठीशी सरकारी हुकूमनामा आणि जप्तीचा बेलीफ उभा राहिला. निरक्षर कुणब्याने ज्यावर अंगठा उठविला, त्या कागदात मुद्दल किती, व्याज किती, आणि गहाण की खरेदी, हे वाचणारा पुष्कळदा तो कागद लिहिणाराच असे. १२ मे १८७५ रोजी पुणे जिल्ह्यातील सुपे येथे शेतकऱ्यांचा जो दंगा उसळला आणि पुढे नगर जिल्ह्यापर्यंत पसरला, त्यात सावकारांच्या जिवापेक्षा त्यांच्या दप्तरांवर लोकांचा रोख होता. रोखे आणि गहाणखते काढून त्यांची होळी करण्यात आली. त्या अडाणी जमावाला आपला शत्रू नेमका कोठे बसला आहे, हे पुरते उमगले होते. १८७९ च्या दख्खन शेतकरी कायद्याने न्यायाधीशास कर्जरोख्याच्या पाठीमागे जाऊन मूळ व्यवहार तपासण्याचा अधिकार दिला, म्हणजे कागद हा अखेरचा पुरावा नव्हे, हे सरकारलाही मान्य करावे लागले. तो कायदा पुणे, सातारा, सोलापूर आणि नगर या जिल्ह्यांपुरता होता; करवीर संस्थानाचा कारभार निराळा. परंतु संस्थानातही गावच्या दप्तराची मिरास एकाच घराण्याच्या हाती असणे किती अनर्थकारक होते, हे जाणून शाहू महाराजांनी १९१८ साली कुलकर्णी वतने खालसा केली आणि त्यांच्या जागी पगारी तलाठी नेमले. ‘सावकारी पाश’ निघाले, तेव्हा कोल्हापूरच्या पंचक्रोशीत लेखणी कोणाच्या हाती असावी, हा वाद अगदी ताजा होता.

आता या चित्रातील विलक्षण विरोध ध्यानात येईल. ज्याला वाचता येत नाही म्हणून ज्याची जमीन जाते, त्याची कथा, ज्यांना पडद्यावरच्या पाट्या वाचता येत नव्हत्या अशा शेकडो माणसांनी अंधारात बसून पाहावयाची होती. अक्षरशत्रू नायक आणि अक्षरशत्रू प्रेक्षक या दोघांच्या मध्ये फक्त चित्र होते. बोलपटात असा शेतकरी आपल्या दुःखाचे भाषण करील, वकील त्याची बाजू मांडील, एखादे पद त्याच्या वेदनेला चाल लावील. मूकपटातल्या कुणब्याजवळ यांपैकी काहीच नसते, आणि अदालतीत उभ्या राहिलेल्या खऱ्या कुणब्याजवळही यांपैकी काहीच नव्हते. कलेचे वैगुण्य आणि विषयाचे मर्म हे येथे एकरूप झाले.

निष्ठेच्या दृष्टीने पाहिले तर हा भेद अधिकच खोल आहे. ऐतिहासिक चित्रांत निष्ठेचे फळ मिळते; देह पडला तरी कीर्ती उरते, गड येतो, राजा वाचतो. ‘सावकारी पाशा’च्या जगात शेतकरी सर्वांशी इमानी आहे, जमिनीशी, घराशी, दिलेल्या शब्दाशी, आणि तेच इमान त्याला बुडविते, कारण समोरचा व्यवहार शब्दाचा राहिलेला नसून दस्तऐवजाचा झालेला आहे. सावकाराने कायद्याचा भंग केला तर त्याला शिक्षा तरी होईल. परंतु कायदाच त्याच्या बाजूने चालत असेल, तर त्याला फितूर तरी कोणत्या तोंडाने म्हणावयाचे? कीचकाचा शिरच्छेद करणारा भीम या कथेत येऊ शकत नाही, कारण छेदावयाला येथे शिर नाही. प्रेक्षकांना हे पचले नाही. पुराणकथांच्या आणि शौर्यकथांच्या गोडीला सोकावलेल्या रसिकांनी या चित्राला थंडा प्रतिसाद दिला, आणि बाबूरावांना पुन्हा ढालतलवारीकडे वळावे लागले. आश्रयदात्या प्रेक्षकाने कलावंताला दिलेला हा दगाही त्या काळच्या व्यवहाराचाच एक भाग होता.

पुढे कंपनीच्या घरातच निष्ठेचा प्रश्न उभा राहिला. बाबूराव हे मनस्वी कलावंत. मनाजोगते साधेपर्यंत काम हातावेगळे करावयाचे नाही, ही त्यांची वृत्ती. तरुण साथीदारांना मात्र स्वतःच्या कल्पनेने आणि वेगाने काम करण्याची ओढ लागली होती. १ जून १९२९ रोजी विष्णुपंत दामले, शेख फत्तेलाल, केशवराव धायबर आणि शांताराम या चौघांनी सीताराम कुलकर्णी यांच्या भांडवलाच्या साहाय्याने कोल्हापुरातच प्रभात फिल्म कंपनी स्थापन केली. ज्या दामल्यांनी पहिला कॅमेरा घडविण्यास हात दिला होता, तेच निघून गेल्यावर महाराष्ट्र फिल्म कंपनी फार काळ तग धरू शकली नाही. गुरूचे घर सोडून त्याच्याच गावात नवे घर मांडणे ही कृतघ्नता, असे म्हणणारी दृष्टी आपल्या परंपरेत आहे. आणि शिष्याने गुरूच्या पुढे जावे हीच गुरुदक्षिणा, असे म्हणणारीही आहे. प्रभातने पुढील वर्षी शिवचरित्रावर ‘स्वराज्य तोरण’ काढले, सरकारी आक्षेपामुळे त्याचे ‘उदयकाल’ असे नामांतर करावे लागले, आणि त्यात शिवाजीमहाराजांची भूमिका शांतारामांनी केली. सात वर्षांपूर्वी ‘सिंहगडा’त ती गुरूने केली होती. गुरूची विद्या शिष्याबरोबर गेली होती, टाकून दिली गेली नव्हती, याचा याहून स्पष्ट पुरावा सापडणे कठीण.

बाबूरावांनी ‘सावकारी पाश’ मनातून कधीच काढून टाकला नाही. १९३६ साली कोल्हापूरच्या शालिनी सिनेटोनमध्ये त्यांनी तो बोलपट म्हणून पुन्हा काढला. मंद प्रकाशात दुरून घेतलेली एक उदास झोपडी आणि तिच्यावरून घुमणारे कुत्र्याचे रडणे, हा त्यातील देखावा आठवला म्हणजे आपली समाधी लागते, असे वाडिया मूव्हिटोनचे जमशेद वाडिया यांनी पुढे नमूद केले. ध्वनी हाती आल्यावर या कलावंताने त्याचा उपयोग संवादासाठी करण्याऐवजी माणसाच्या मौनाभोवती केला, यावरून मूकपटाने त्याला काय शिकविले होते ते दिसते. आणि १९४७ साली ‘लोकशाहीर रामजोशी’ या चित्राच्या दिग्दर्शनात बाबूराव पेंटर आणि शांताराम ही दोन नावे एकत्र आली. निर्मिती शिष्याच्या राजकमल संस्थेची होती. अठरा वर्षांपूर्वीच्या ताटातुटीचा निकाल कोणी लिहून दिला नाही, परंतु दोघांनी मिळून केलेल्या कामाने तो लागला असे म्हणण्यास हरकत नाही.

१९२५ च्या त्या मूकपटाची फीत आज उपलब्ध नाही. आपल्या देशात निघालेल्या सुमारे १३०० मूकपटांपैकी, अर्धेमुर्धे अवशेष जमेस धरूनही, ३० च्या आसपासच हाती राहिले. नायट्रेटच्या फिती आगीने, दमटपणाने आणि त्याहूनही अधिक आपल्या अनास्थेने नाहीशा झाल्या. तरीही त्या चित्राने टाकलेले पाऊल पुसले गेले नाही. जमीन वाचविण्यासाठी शहरात जाऊन हातरिक्षा ओढणारा ‘दो बीघा जमीन’मधला (१९५३) शंभू, किंवा सुखीलालाच्या हिशेबवहीपुढे हतबल होणारी ‘मदर इंडिया’तील (१९५७) राधा, ही ‘सावकारी पाशा’तल्या त्या कुणब्याचीच भावंडे आहेत. बाजीप्रभूंच्या कथेतून आपण निष्ठेचा अभिमान बाळगावयास शिकलो, नेताजींच्या कथेतून च्युत माणसालाही परतीची वाट असावी हे शिकलो. परंतु जो कोणाशीही बेइमान झाला नाही त्याचीच जमीन का जावी, हा तिसरा प्रश्न विचारण्याचे धैर्य कोल्हापूरच्या एका पडदे रंगविणाऱ्या कारागिराने केले, आणि तलाठ्याच्या दप्तरात, बँकेच्या करारनाम्यात अथवा बिल्डरच्या कुलमुखत्यारपत्रावर न वाचता सही करणाऱ्या प्रत्येक माणसाच्या बाबतीत तो प्रश्न आजही जसाच्या तसा लागू आहे.